आरोपीचं घर कुणी बघितलं?

भावांनो, वीरा साथीदार गेले तेव्हा पेपरांनी काय मथळे दिले आठवतं? 'कोर्ट'मधला नट गेला. नट!

१३ एप्रिल २०२१. जयंतीच्या आदल्या दिवशी, नागपुरात, कोरोनानं. बाप नागपूर ठेसनावर हमाल, आई बांधकामावर मजूर, आणि हा माणूस 'विद्रोही' मासिकाचा संपादक. लिहिणारा, चळवळीत झिजलेला. पण यांच्या लेखी उरला काय तर पडद्यावरचा नारायण कांबळे. मी गोदीत माल उचलतो. मुकादमाला माझ्या पाठीशी मतलब, कवितेशी नाही. पेपरवाल्यांचा हिशेब त्यातलाच.

चैतन्य ताम्हाणेचा 'कोर्ट' मी दोनदा बघितला, दुसऱ्यांदा इथंच कोलशेतला, दोस्ताच्या मोबाईलवर. पिक्चर चांगलाय, उगाच नावं ठेवणार नाही. २०१४ ला व्हेनिसला बक्षीस, मग राष्ट्रीय पुरस्कार, २०१५ ला ऑस्करला भारताकडून हाच. गोष्ट साधी. गटारात उतरणारा कामगार मरतो. पोलीस म्हणतात, या म्हाताऱ्या शाहिराच्या गाण्यामुळं त्यानं जीव दिला. मग तारीख, तारीख, तारीख. जामीन मिळतो, परत अटक, या वेळी यूएपीए. आणि शेवटी उन्हाळ्याची सुट्टी लागली म्हणून कोर्टाला कुलूप.

त्या कोर्टात वीरा साथीदार उभे राहतात ते बघा. हात हलत नाहीत, मान झुकत नाही, विचारलं तेवढंच उत्तर. डोळ्यात पाणी आणून दया मागणं नाही. असलं उभं राहणं कुठल्या अभिनयाच्या शाळेत शिकवतात? नट नव्हतेच ते. ज्याला आयुष्यभर चौकीसमोरून जाताना पाठीवर नजर जाणवते तोच असा उभा राहतो.

आता माझं खरं म्हणणं. कॅमेरा बचावाच्या वकिलाच्या मागं जातो, त्याची मोटार, त्याची खरेदी, आईबापाशी जेवणावरून वाद. सरकारी वकीलबाईच्या मागं लोकलनं घरी जातो, तिचा स्वयंपाक बघतो, नाटकालाही जातो. न्यायाधीशाच्या मागं तर थेट रिसॉर्टला. कांबळेच्या मागं? शिकवणी, स्टेज, छापखाना. राबताना दिसतो. त्याच्यासाठी भाकरी झाकून कोण ठेवतं ते आपल्याला कळत नाही.

म्हणतील, अरे तीच तर दिग्दर्शकाची खुबी, कोर्टाला आरोपी दिसतो, माणूस दिसत नाही. असेल. पडद्यावर मान्य. पण माणूस खरोखर मेल्यावर पेपरातही तेच होतं, त्याला काय खुबी म्हणायचं? त्याचा चेहरा परदेशात फिरवला, त्याचं लिखाण नागपुरातच राहिलं.

आणि गटारातला तो कामगार काय कल्पनेतला आहे? पिक्चरमध्ये त्याची बायको कोर्टात सांगते, आत उतरायच्या आधी तो खडा टाकून बघायचा, झुरळं बाहेर आली तर समजायचं आत हवा आहे. आमच्या शेजारी ढोकाळीत मे २०१९ ला सोसायटीचं मैलापाणी साफ करताना तीन मजूर गेले. १९९३ चा कायदा होता, २०१३ चा होता. कोलशेतला केमिकलचा कारखाना गेला, त्या जमिनीवर टॉवर आले, नावं सगळी इंग्रजी. त्यांचा मैला कुठंतरी साठतोच, आणि तिथं कुणीतरी उतरतोच. त्या तिघांवर गाणं झालं का? निदान माझ्या कानावर नाही आलं. आपण कवी म्हणवतो ना? मग एकमेकांच्या कवितांवर समीक्षा कसल्या लिहीत बसतो?

'विद्रोही'चे जुने अंक कुणाच्या पेटीत, माळ्यावर असतील तर कळवा. मूळ अंक नको, झेरॉक्स चालेल, पैसे आम्ही देऊ. रविवारी खाडीकडं पोरं जमतात, गोदीतली एकदोन असतात. मोठ्यानं वाचायचं ठरलंय.