आपण जिंकलो, म्हणजे कोण?

मंडळी, गेल्या उन्हाळ्याच्या तोंडावर आमच्या घरात एक जागरण झालं. गोंधळ-जागरणातलं नव्हे, क्रिकेटचं. २ नोव्हेंबर २०२५ला नवी मुंबईच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर महिलांच्या विश्वचषकाचा अंतिम सामना होता. आपल्या घड्याळाने रविवारी रात्री साडेदहाला सुरू व्हायचा, तो पावसाने दोन तास लांबला. म्हणजे पहिला चेंडू पडला तो सोमवारी साडेबाराला, आणि शेवटचा झेल हरमनप्रीतने पकडला तेव्हा क्राइस्टचर्चमध्ये उजाडून शाळेचे डबे भरायची वेळ झाली होती. शेफालीच्या ८७ धावा, दीप्तीचे पाच बळी, भारत ५२ धावांनी विजयी. हे सगळं तुम्हीही पाहिलं असेल, तेव्हा त्यावर आम्ही नवं काय सांगणार?

सांगायचं आहे ते वेगळंच. आमची नऊ वर्षांची नात शाळेचा गणवेश घालून, हातात टोस्ट घेऊन टीव्हीसमोर उभी होती. ती ओरडली, "आजोबा, आपण जिंकलो!" आणि सोफ्यावर डोळे चोळत बसलेली तिची आई आमच्याकडे पाहून हसली. त्या हसण्याचा अर्थ फक्त आम्हा तिघांनाच कळला. आम्हाला, आमच्या सौ.ना आणि तिला. त्यासाठी पंचवीस वर्षं मागे जावं लागेल.

डिसेंबर २०००. महिलांचा विश्वचषक तेव्हा आपल्याकडे होता, म्हणजे क्राइस्टचर्चला आणि शेजारच्या लिंकनला. लिंकन म्हणजे शेतकी कॉलेजचं गाव. १८७८ पासून तिथे शेतीचं शिक्षण चालतं. आम्ही आलो तेव्हा जुनी माणसं 'लिंकन कॉलेज'च म्हणायची, जरी ते १९९० साली विद्यापीठ झालं होतं. त्या आवारात बर्ट सटक्लिफ यांच्या नावाचं मैदान आहे. भोवती झाडं, बसायला गवत, आणि तंबूत चहा. वानखेडे बघितलेल्या माणसाला हसूच यावं. पण तिथेच आठ देशांच्या मुली महिनाभर खेळत होत्या.

आमची लेक तेव्हा तेरा वर्षांची. सुट्टी लागलेली, घरात बसून डोकं खात होती. बुधवारी, २० तारखेला भारत-न्यूझीलंड उपांत्य सामना आहे हे कळल्यावर आम्ही रजा टाकली. सौ.ने रात्रीच दशम्या, बटाट्याची सुकी भाजी आणि लसणाची चटणी करून ठेवली. भारताची मॅच आहे, पोरीला आपला देश दाखवू, हा आमचा उदात्त हेतू. ह्या देशात येऊन आम्हाला तेव्हा सहा वर्षं झाली होती, आणि 'आपला देश' हा शब्द आम्ही अगदी बेधडक वापरायचो.

अंजू जैनच्या कप्तानीखाली भारत त्या स्पर्धेत छान खेळला होता. साखळीत ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडनंतर तिसरा नंबर. पण त्या दिवशी काही जमलंच नाही. एकेक जण येतेय आणि जातेय. ११७ला सगळा संघ बाद. दशम्या पुऱ्या संपायच्या आत न्यूझीलंडने एकच गडी गमावून सामना खिशात घातला. आम्ही चटई गुंडाळता गुंडाळता म्हणालो, "हरलो बुवा आपण." तर ही पोरगी गालावर काळा-पांढरा रंग फासून (तो कधी नि कोणाकडून लावून घेतला, देव जाणे) म्हणते, "नाही बाबा, आपण जिंकलो!"

आता मराठीत ही सोय आहे बघा. 'आम्ही' म्हटलं तर समोरचा बाहेर राहतो, 'आपण' म्हटलं की तोही आत येतो. इंग्रजीत ह्या दोहोंना एकच शब्द. तिने 'आम्ही जिंकलो' म्हटलं असतं तर आम्हाला राग आला असता, भांडता आलं असतं. तिने 'आपण' म्हणून आम्हालाही आपल्या बाजूला ओढून घेतलं. परतीच्या वाटेवर गाडीत कोणी बोललं नाही. सौ. तेवढ्या म्हणाल्या, "शनिवारी फायनल आहे म्हणे."

तर शनिवारी, २३ डिसेंबरला, आम्ही पुन्हा त्याच गवतावर. ह्या वेळी दशम्या नाहीत, चीजची सँडविचेस. (परिस्थितीशी जुळवून घेणं म्हणतात ते हेच.)

त्या न्यूझीलंडच्या संघाची गोष्ट थोडी सांगायला हवी, कारण आपल्याकडच्या मुलांना ऑल ब्लॅक्सची कुंडली तोंडपाठ असते, हिची नसते. १९९३ साली लॉर्ड्सवर ह्या मुली अंतिम सामन्यात इंग्लंडकडून हरल्या होत्या. १९९७च्या डिसेंबरात कलकत्त्याला ईडन गार्डन्सवर पुन्हा अंतिम सामना, आणि पुन्हा हार, ह्या वेळी ऑस्ट्रेलियाकडून. त्या सामन्यात डेबी हॉकलीने ७९ धावा केल्या होत्या. ही हॉकली आपल्या क्राइस्टचर्चची. १९७९ साली शाळकरी वयात देशासाठी खेळायला लागली, आणि २००० सालापर्यंत खेळतच होती. एकवीस वर्षं! त्यात पगार नाही की करार नाही. संघातल्या मुली नोकऱ्या करून, रजा घेऊन खेळायच्या. यष्टिरक्षक रिबेका रोल्स पोलिसात होती, आणि हीच बाई देशाच्या फुटबॉल संघाची गोलकीपरही होती. हातात काहीतरी झेलायचं एवढंच तिला ठाऊक असावं.

समोर ऑस्ट्रेलिया. साखळीतले सातही सामने जिंकून आलेला संघ. न्यूझीलंडलाही त्यांनी हरवलेलं. एमिली ड्रमच्या संघाने पहिल्यांदा फलंदाजी केली आणि पन्नास षटकंही न खेळता १८४ला सगळ्या बाद. आमच्या शेजारी एक वयस्क किवी गृहस्थ बसले होते, त्यांनी घडीची खुर्ची मिटायला घेतली. मग काय वाटलं कोण जाणे, परत उघडली.

ऑस्ट्रेलियाची कप्तान बेलिंडा क्लार्क. काय खेळत होती! दुसऱ्या टोकाला बायका येत-जात होत्या आणि ही आपली सरळ बॅटने, कुठलीही घाई न करता. ९१ धावा झाल्या तिच्या. तिला क्लेअर निकल्सनने बाद केलं तेव्हा त्या एवढ्याशा मैदानातून जो आवाज उठला, तो अजून कानात आहे. त्यानंतरचा तासभर आम्ही काय बघितलं ते धड आठवत नाही. आठवतं ते एवढंच की आमच्या लेकीने आमचा दंड धरला होता आणि रात्री बघितलं तर चार बोटांचे वळ उमटले होते.

शेवटचं षटक. पाच धावा हव्या, एकच गडी हातात, सहा चेंडू. चेंडू निकल्सनकडे. पहिलाच चेंडू, बॅटची कड, आणि मागे रोल्सच्या ग्लोव्हजमध्ये. १८० सर्व बाद. चार धावांनी विश्वचषक. एकवीस वर्षं वाट बघून शेवटच्याच सामन्यात हॉकलीच्या हाती तो कप आला. नंतर २०१६ साली ती न्यूझीलंड क्रिकेटची पहिली महिला अध्यक्षही झाली, पण ते पुढचं. त्या संध्याकाळी ती मैदानावर इतरांसारखीच उड्या मारत होती. लेक म्हणाली, "बाबा, मला तसले ग्लोव्हज हवेत." आणि आम्ही, चार धावांच्या नशेत, "घेऊ" म्हणालो.

घेतलेही. दोन हंगाम ती विकेटकीपिंग करायची. तिच्या क्लबात मुलींची वेगळी टीम नव्हती, मुलांतच खेळायची. दर शनिवारी सकाळी कुठल्या तरी दूरच्या मैदानावर आम्ही थर्मास घेऊन हजर. हे लिहिताना वाटतं, ह्या देशात आमच्या ज्या काही ओळखी झाल्या त्यातल्या निम्म्या त्या बाउंडरीवर उभं राहून, संत्र्याच्या फोडी वाटताना झाल्या.

आणि मग ती पंधरा वर्षांची झाली. नुकतीच एनसीईए नावाची नवी परीक्षापद्धत आली होती, क्रेडिट म्हणजे काय ते आम्हा आईबापांपैकी कोणालाच धड कळत नव्हतं, आणि जे कळत नाही त्याची भीती जास्त. मित्रमंडळींत एकच विषय. अमक्याची मुलगी मेडिकलला जाणार, तमक्याच्या मुलाने ट्यूशन लावली. पुण्याहून आजीचा फोन: "उन्हात किती रापली गं पोर, फोटोत ओळखू येईना." आम्ही लेकीला समोर बसवून सांगितलं, एक वर्ष बंद ठेव. एकच वर्ष. ती रडली नाही, भांडली नाही. "ओके" म्हणाली.

तिचे कोच घरी आले होते. चहा घेतला, चिवडा खाल्ला, आणि म्हणाले की हिच्यासारखे हात फार थोड्यांचे असतात, आठवड्यात एक दिवस तरी पाठवा. आम्ही फार नम्रपणे नाही म्हणालो. नम्रपणा हा आपला मोठा गुण. ते एक वर्ष काही संपलं नाही. ग्लोव्हज गराजमध्ये, गणपतीच्या मखराच्या खोक्यामागे गेले.

लेक शिकली, उत्तम नोकरी आहे, सुखात आहे. ती आम्हाला दोष देत नाही, आणि खोटं कशाला सांगा, ती राष्ट्रीय संघात गेलीच असती असंही आमचं म्हणणं नाही. पण तिच्या भावाला आम्ही बारावीपर्यंत फुटबॉल खेळू दिला होता. त्याची परीक्षा सोपी होती असं नाही. हा प्रश्न आम्हाला तिने कधी विचारला नाही. आम्हीच स्वतःला विचारला, तोही फार उशिरा.

तसं बघायला गेलं तर बायकांचं क्रिकेट आपल्याला काही परकं नव्हतं. १९७३ साली महिलांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा झाली ती आमच्या पुण्यातच, मुंबई, महाराष्ट्र आणि उत्तर प्रदेश अशा तीनच संघांची. लेगस्पिनर शुभांगी कुलकर्णी पुण्याची. आणि भारतीय बाईचं कसोटीतलं पहिलं शतक कुठे झालं माहीत आहे? इथे, आपल्या डनीडनला. जानेवारी १९७७, शांता रंगास्वामी, १०८ धावा. आम्ही डनीडनला तीनदा जाऊन आलो, अल्बट्रॉस पाहिले, जगातला सर्वांत चढाचा रस्ता चढलो, पण हे कोणी आम्हाला सांगितलं नाही. आम्हीही कोणाला विचारलं नाही.

आता काळ बराच बदलला. जुलै २०२२ मध्ये न्यूझीलंड क्रिकेटने करार करून स्त्री-पुरुष खेळाडूंना सामन्याचं मानधन सारखं केलं, त्याच वर्षी ऑक्टोबरात भारतीय बोर्डानेही तसं जाहीर केलं. २०२४ साली दुबईत सोफी डिव्हाइनच्या संघाने टी-ट्वेंटीचा विश्वचषक आणला. त्याआधी हा संघ ओळीने दहा सामने हरला होता, तेव्हा कोणाच्या ध्यानीमनी नव्हतं. आणि २०२५च्या ऑक्टोबरात, अंतिम सामन्याच्या दहा-अकरा दिवस आधी, त्याच नवी मुंबईच्या मैदानावर भारत-न्यूझीलंड सामना होता. सांगलीच्या स्मृती मानधनाने १०९ धावा ठोकल्या आणि न्यूझीलंडचं आव्हान तिथेच संपलं. त्या रात्री नात हिरमुसली होती, "आपण हरलो" म्हणाली. आम्ही काही बोललो नाही. गालाच्या रंगाचा इतिहास आठवला.

मग दहा दिवसांनी भारत जिंकला, तर हीच पोरगी "आपण जिंकलो" म्हणते! म्हणजे हिचं 'आपण' दोन्हीकडे. तिच्या आईला तेराव्या वर्षी एक बाजू घ्यावी लागली होती, आम्हाला दुसरी. हिला ती अडचण दिसतच नाही. शाळेला उशीर होत होता म्हणून आम्ही विषय वाढवला नाही.

त्या शनिवारी लेक घरी आली, तडक गराजमध्ये गेली आणि मखराचं खोकं सरकवून ते ग्लोव्हज घेऊन आली. चामडं कडक झालेलं, एका बोटाची शिवण उसवलेली. नातीने ते घातले तर कोपरापर्यंत गेले. सौ.नी सुई-दोरा काढला. सुई चामड्यातून जाईना, तेव्हा चपला शिवायचा दाभण कुठे मिळेल याची चौकशी सुरू झाली. कोणा वाचकाकडे असल्यास कृपया कळवावं.

नातीच्या क्लबात मुलींची स्वतंत्र टीम आहे. सराव गुरुवारी साडेचारला. लेकीला ऑफिसातून तेव्हा निघता येत नाही, म्हणून ने-आण आमच्याकडे आली आहे. परवा तिथे आपल्याच मंडळातले एक गृहस्थ भेटले, मुलीला घेऊन आलेले. म्हणाले, "पुढच्या वर्षी हायस्कूल सुरू होतंय, तेव्हा बहुधा हे वर्ष शेवटचं." आम्ही त्यांना थर्मासमधला चहा दिला आणि म्हटलं, बसा, एक गोष्ट सांगतो.