मुळेचे मासे आणि साइक्ससाहेब

दिवाळीच्या सुट्टीत पुण्याची पुष्कळशी कुटुंबे एक दिवस तरी मुळशीची वाट धरतात. वाटेत घोटावड्याच्या बाजूला वळले की मुळा नदीची भेट होते. मंडळी काठावर बसतात, फराळाचे डबे उघडतात, मुले पाण्यात पाय सोडतात. अशा वेळी एखादा चौकस मुलगा विचारतो, “बाबा, हा कोणता मासा?” आणि बाबा सांगतात, “मासा आहे!” बाजारातला पापलेट आणि सुरमई ओळखणारा गृहस्थ आपल्या गावच्या नदीतल्या माशापुढे निरुत्तर होतो.

हाच प्रश्न सुमारे दोनशे वर्षांपूर्वी एका परक्या माणसाने पुण्याच्या परिसरात शेकडो वेळा विचारला आणि मिळालेली उत्तरे नीट लिहून ठेवली. त्याचे नाव कर्नल विल्यम हेन्री साइक्स.

साइक्सचा जन्म 1790 सालचा. मिसरूड फुटण्याच्या आतच, 1803 साली, तो कंपनी सरकारच्या लष्करात दाखल झाला. 1805 साली भरतपूरच्या वेढ्यात तो होता, आणि 1817 साली पेशवाईचा निकाल लावणाऱ्या खडकीच्या लढाईतही होता. म्हणजे आपल्याकडे तो आला तो जेत्यांच्या बाजूने. हे विसरू नये. पण माणूस नुसता तलवारबहाद्दर नव्हता. देशी भाषा त्याने मेहनतीने शिकून घेतल्या होत्या. पुढे चार वर्षे युरोपात हिंडून 1824 साली तो परतला, तेव्हा मुंबईचा गव्हर्नर एल्फिन्स्टन याने त्याला दख्खनची संख्यात्मक माहिती गोळा करण्याच्या कामावर नेमले.

काम सरकारी होते. पुणे, अहमदनगर, खानदेश आणि धारवाड या चार जिल्ह्यांत माणसे किती, जमिनी कोणत्या, सारा किती, हे त्याने पाहावयाचे. पण साइक्स गावोगाव फिरू लागला तो शिरगणतीच्या कागदांपाशी थांबेना. हवेचा दाब, पाऊस, रानातली जनावरे, झाडावरची पाखरे, डोहातले मासे, सारे तो टिपू लागला. 1829 साली सरकारने काटकसर म्हणून त्याचे पदच मोडून टाकले. तरीही रजा काढून त्याने आपला अहवाल 1831 साली पुरा केला. पद गेले म्हणून काम टाकले नाही, एवढा गुण तरी त्याच्यापासून घेण्यासारखा आहे.

विलायतेत परतल्यावर त्याने हे सारे विद्वानांपुढे मांडले. 1832 साली दख्खनच्या पक्ष्यांची यादी छापली. आपल्या ओढ्याकाठी ध्यानस्थ बसणारी ढोकरी, माळावरचा एक चंडोल, झुडपांतला एक चिमुकला वटवट्या यांची शास्त्रीय नोंद प्रथम त्याने केली. चंडोलाच्या शास्त्रीय नावात ‘देवा’ आणि वटवट्याच्या नावात ‘रामा’ आहे, ही नावेही त्यानेच घातलेली. आपल्या कोळसुंद्याला तर त्याने दख्खनचेच नाव दिले.

परंतु खरी मौज आहे ती माशांची. दख्खनच्या माशांवरचा त्याचा निबंध 1839 च्या सुमारास प्रसिद्ध झाला. त्यात 46 जातींची वर्णने आहेत, आणि त्यांतल्या बऱ्याच तोवर शास्त्राला ठाऊक नव्हत्या. नव्या जातीला नाव द्यावयाचे म्हणजे त्या काळचे पंडित लॅटिन-ग्रीक शब्द जोडीत, नाहीतर एखाद्या लॉर्डाची खुशामत करीत. साइक्सनेही काही नावे आपल्या स्नेह्यांना वाहिली. पण बहुतेक ठिकाणी त्याने दुसराच मार्ग धरला. मासे धरणाऱ्या माणसाने जे नाव सांगितले, तेच त्याने शास्त्रात घातले. म्हणूनच आज जगातल्या कोणत्याही संग्रहालयात जा, ‘खुद्री’, ‘कोळस’, ‘शिंगटी’, ‘पोटील’, ‘बोगट’, ‘अलकुटी’ अशी नावे बरण्यांवर सापडतील. एका माशाचे नाव इंग्रजी अक्षरांत ‘नुक्ता’ असे वाचले जाते. दख्खनला ‘डुखुन’ लिहिणारा हा साहेब! त्याचा ‘उ’ म्हणजे पुष्कळदा आपला ‘अ’. या माशाच्या तोंडावर आडवी खाच असते आणि नाक मोडल्यासारखे दिसते, हे कळले की मूळ शब्द ‘नकटा’ असावा हे लगेच पटते. तो शब्द उच्चारणाऱ्या कोळ्या-भोयांचा मिस्कीलपणाही त्याबरोबर लंडनला पोहोचला.

या सर्व नावांपुढे शोधकर्ता म्हणून ‘साइक्स’ असे लिहिले जाते. ज्याने जाळे टाकले, मासा काढला आणि नाव सांगितले, त्याचे नाव मात्र तेथे नाही. त्याची आठवण राहिली ती त्याच्या शब्दात.

आता प्रश्न असा, की तो शब्द आहे, पण मासा आहे काय? साइक्सने खुद्री म्हणून नोंदलेला महसीर त्याला पुण्याच्या पूर्वेस मुळा-मुठेत मिळाला होता. घोटावड्याच्या बाजूने येणारे पाणीच पुढे तेथे जाते. मधल्या काळात या पाण्याचे पुष्कळ झाले. शेतकऱ्यांनी 1921 ते 1924 या काळात सेनापती बापटांच्या नेतृत्वाखाली सत्याग्रह करूनही मुळशीचे धरण झाले, आणि मुळेचे पाणी विजेसाठी घाट उतरून कोकणात भिऱ्याला जाऊ लागले. खाली पुणे वाढले, आणि शहराचे सांडपाणी नदीत आले. बाहेरून आणलेल्या चिलापीने जागा बळकावली. 2003 साली पुण्याच्या अभ्यासकांनी मुळा-मुठेचे मासे मोजले, तेव्हा जुन्या याद्यांतल्या कित्येक जाती त्यांना सापडल्या नाहीत.

महसिरासाठी लोणावळ्याला टाटांच्या वळवण येथील केंद्रात 1970 च्या दशकापासून पिल्ले वाढविली जातात. हे चांगलेच झाले. पण त्यातही एक धडा आहे. ही पिल्ले कावेरीतही सोडली गेली, आणि तेथे ती इतकी फोफावली की कावेरीचा स्वतःचा कुबड्या महसीर मागे पडला. तो नेमका कोणत्या जातीचा, याचा उलगडा 2018 साली झाला. तोवर तो नष्ट होण्याच्या काठावर येऊन ठेपला होता! दोन्ही मासे महसीरच, मग फरक काय, असे वाटले तेथेच चूक झाली. कोणत्या नदीचा मासा कोणता हे ओळखणे हा केवळ पंडितांचा खेळ नव्हे, हे यावरून दिसेल.

साइक्स पुढे कंपनीचा अध्यक्ष झाला, पार्लमेंटात बसला आणि 1872 साली वारला. त्याची मोठमोठी पदे आज कोणाच्या लक्षात नाहीत. त्याने लिहून ठेवलेले मराठी शब्द मात्र टिकले आहेत.

मुळशी, मावळ, भोर या भागांत नदीवर हयात घालविलेली वडीलधारी माणसे अजून भेटतात. यंदा तिकडे गेलात तर मुलांना त्यांच्याजवळ बसवा. “आजोबा, पूर्वी येथे कोणते मासे मिळत? ते दिसत कसे?” एवढेच त्यांना विचारू द्या. मिळालेली नावे, गाव आणि तारीख वहीत लिहून ठेवा, आणि सांगणाऱ्या आजोबांचे नावही त्यांना विचारून त्यासमोर अवश्य लिहा. साइक्ससाहेबाच्या यादीत तेवढेच राहून गेले आहे.