पासपोर्टची तारीख आजच बघा

येत्या वर्षभरात ज्यांना कुठेही परदेशी जायचं नाही, त्यांच्यासाठी आजचा लेख आहे. ज्यांचं तिकीट निघालंय ते धावपळ करतीलच. पण ज्यांचा पासपोर्ट कपाटातल्या फाइलीत, घराच्या कागदपत्रांखाली आणि मुलांच्या गुणपत्रिकांखाली वर्षानुवर्षं पडून आहे, त्यांनी तो आज संध्याकाळी बाहेर काढावा आणि मुदत संपण्याची तारीख वाचावी.

या सदराकडे पासपोर्टविषयी येणारी पत्रं एकाच घरातून आल्यासारखी असतात. मुलगी परदेशात, बाळंतपण जवळ आलेलं, आईबाबांनी जायचं ठरलेलं. व्हिसा शिल्लक आहे, तब्येत ठणठणीत आहे आणि पासपोर्टची मुदत मात्र चार महिन्यांवर आलेली. मागचा पासपोर्ट पहिल्या नातवंडाच्या वेळी काढलेला असतो. त्यानंतर त्यांनी तो उघडून बघण्याची वेळच आलेली नसते.

प्रौढ माणसाचा भारतीय पासपोर्ट दहा वर्षांचा असतो. प्रत्यक्षात तो साडेनऊ वर्षांचाच धरावा, कारण सिंगापूर, थायलंड, संयुक्त अरब अमिरातींसारखे अनेक देश प्रवेशाच्या वेळी किमान सहा महिन्यांची मुदत शिल्लक मागतात. युरोपातल्या शेंगेन देशांना तिथून निघण्याच्या तारखेनंतर तीन महिने हवे असतात. म्हणजे पासपोर्ट कायद्यानं जिवंत असूनही विमानतळावर निरुपयोगी ठरू शकतो. नव्या पासपोर्टसाठी मुदत संपण्याच्या एक वर्ष आधीपासून अर्ज करता येतो. जुन्याचे उरलेले महिने नव्यात मिळवून देत नाहीत, हे खरं. पण तेवढ्यासाठी शेवटच्या आठवड्यापर्यंत थांबण्यात काहीच शहाणपण नाही.

अर्जाचा भाग सोपा आहे, म्हणून थोडक्यात सांगते. परराष्ट्र मंत्रालयाच्या पासपोर्ट सेवा संकेतस्थळावर किंवा एमपासपोर्ट सेवा या ॲपवर नाव नोंदवायचं. तिथे नूतनीकरण असा पर्याय शोधू नका, ‘री-इश्यू’ निवडा. कारण विचारलं जातं, तिथे मुदत संपली किंवा संपत आली हे नोंदवायचं. मुदत संपून तीन वर्षं उलटली असतील तर त्याचा पर्याय वेगळा असतो, आणि तसं झालं की पोलीस पडताळणीही आधी होण्याचीच शक्यता अधिक. ३६ पानांच्या पुस्तिकेला १,५०० रुपये, ६० पानांच्या पुस्तिकेला २,०००. तत्काळ हवा असेल तर आणखी २,०००. कामानिमित्त सारखं बाहेर जाणाऱ्यांनी ६० पानीच घ्यावी, कारण पानं संपल्यावर जादा पानं जोडून मिळत नाहीत, पुन्हा नवा पासपोर्ट काढावा लागतो. पैसे ऑनलाइन भरले की भेटीची वेळ निवडायची. संकेतस्थळाच्या पत्त्याच्या शेवटी ‘गव्ह डॉट इन’ आहे ना, एवढं मात्र नीट बघा. सरकारी वाटतील अशी बनावट संकेतस्थळं माहितीही घेतात आणि पैसेही घेतात. मंत्रालयानं त्यांच्याबद्दल वेळोवेळी जाहीर इशारे दिले आहेत.

आपल्या शहरात भेटीची वेळ लवकर मिळत नसेल तर दुसऱ्या शहरातल्या केंद्राची वेळ घेता येते. जून २०१८पासून देशात कुठूनही अर्ज करता येतो, पडताळणी मात्र अर्जात दिलेल्या पत्त्यावरच होते. टपाल कार्यालयांमधली पासपोर्ट सेवा केंद्रं २०१७पासून सुरू झाल्यावर कोल्हापूर, छत्रपती संभाजीनगर यांसारख्या शहरांतल्या लोकांची पुण्या-मुंबईची फेरी वाचली. गेल्या काही वर्षांत सरकारी कामकाजात ज्या सुधारणा खरोखर सामान्य माणसाच्या उंबरठ्यापर्यंत आल्या, त्यांत मी हिला बरंच वरचं स्थान देते.

मग अडतं कुठे? गेल्या दहा वर्षांत तुमचं काय काय बदललं, यावर. ज्याचा पत्ता, नाव, वैवाहिक स्थिती यांतलं काहीच बदललेलं नाही, त्याचा पासपोर्ट फारशी खळखळ न होता मिळतो. पण दहा वर्षांत काहीच न बदललेली माणसं आपल्या शहरांत किती असतील?

आधी पत्त्याचं बघू. नोकरीसाठी पुण्यात राहणारा, मूळचा नांदेडचा किंवा साताऱ्याचा मुलगा अर्जात गावचा पत्ता देतो. का, तर आधारवर तोच आहे आणि पुण्यातला घरमालक कागद द्यायला तयार नाही. पडताळणी निघाली की पोलीस गावी जातात, आई सांगते की तो पुण्याला असतो, आणि ‘दिलेल्या पत्त्यावर राहत नाही’ असा अहवाल जातो. अर्ज तिथे अडकतो. अर्जात विचारलेला सध्याचा पत्ता म्हणजे आज तुम्ही जिथे झोपता-उठता तो. पासपोर्ट मिळवण्यासाठी जाणूनबुजून खोटी माहिती देणं हा पासपोर्ट कायद्याच्या कलम १२ खाली गुन्हा आहे आणि त्याला दोन वर्षांपर्यंत कैदेची तरतूद आहे. आईवडिलांचं घर हे आपलंच घर असतं, ही भावना मला समजते. पण पोलिसाला तुम्ही तिथे दिसावे लागता.

भाडेकरूंनी आणखी एक गोष्ट ध्यानात घ्यावी. महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, १९९९ याच्या कलम ५५नुसार लिव्ह अँड लायसन्सचा करार लेखी आणि नोंदणीकृत असायलाच हवा, आणि नोंदणीची जबाबदारी घरमालकावर आहे. ती न करणाऱ्या मालकाला शिक्षेची तरतूदही त्याच कलमात आहे. ‘आमच्याकडे रजिस्टर्ड ॲग्रीमेंट करत नाहीत’ हे वाक्य ऐकून गप्प बसणाऱ्या प्रत्येक भाडेकरूला मला हे कलम दाखवावंसं वाटतं. नोंदणीकृत करार हाती आला की आधारवरचा पत्ता बदलता येतो, बँकेतला बदलता येतो, आणि पासपोर्टसाठी तर तो करार स्वतःच पुरावा ठरतो. हे सगळं पासपोर्टच्या अर्जाआधी उरकायचं. तिकीट काढून झाल्यावर ते जमत नाही, म्हणून तर वर्षभर आधी सुरुवात करा म्हणते.

नावाचा प्रश्न पत्त्याहून नाजूक आहे, आणि तो बहुतेक वेळा बायकांच्याच वाट्याला येतो. आपल्याकडे स्वतःचं नाव, मग वडिलांचं आणि मग आडनाव अशी रीत. लग्नानंतर मधलं नाव बदलतं, आडनाव बदलतं, काही घरांत अजूनही पहिलं नावसुद्धा बदलतं. पासपोर्टवर रकाने दोनच, दिलेलं नाव आणि आडनाव, त्यामुळे मधल्या नावाची सोय पहिल्या रकान्यात करावी लागते. मग पदवीवर एक नाव, आधारवर दुसरं, पॅनवर तिसरं आणि पासपोर्टवर माहेरचं, अशी अवस्था होते. मुदत संपत आली की घरातलं कुणीतरी म्हणतं, ‘आता नवा करतेच आहेस तर नाव बदलूनच घे.’

माझं स्पष्ट मत आहे, की तुम्हाला स्वतःला बदलायचं नसेल तर मुळीच बदलू नका. लग्नानंतर पासपोर्टवरचं नाव बदललंच पाहिजे असा कुठलाही नियम नाही. स्वतःचं नाव तसंच ठेवून नवऱ्याचं नाव पती-पत्नीच्या रकान्यात नोंदवता येतं. डिसेंबर २०१६मध्ये परराष्ट्र मंत्रालयानं नियम सैल केले. विवाहितांना अर्जासोबत विवाह नोंदणीचा दाखला जोडण्याची सक्ती गेली, विभक्त किंवा घटस्फोटित व्यक्तीला जोडीदाराचं नाव द्यायची गरज उरली नाही, आई किंवा वडील यांपैकी एकाचं नाव पुरेसं झालं आणि जोडपत्रं नोटरीकडून न करता साध्या कागदावर स्वतःच्या सहीनं देता येऊ लागली. एकट्यानं मूल वाढवणाऱ्या आयांसाठी आणि जुनं लग्न मागे टाकलेल्या बायकांसाठी हा बदल फार मोठा होता. त्याची माहिती मात्र अजून पुरेशी पोहोचलेली नाही. ‘नवऱ्याची सही लागते’ असं छातीठोक सांगणारे एजंट आजही भेटतात.

ज्यांना नाव बदलायचंच आहे त्यांनी जरूर बदलावं, तो त्यांचा निर्णय. पण अर्धवट बदलू नये. विवाह नोंदणीचा दाखला हाताशी ठेवून आधार, पॅन, बँक हे सगळं आधी एका नावावर आणावं आणि मग पासपोर्टला हात घालावा. आणि नवा पासपोर्ट हातात पडेपर्यंत तिकीट जुन्याच नावानं काढावं, कारण विमान कंपनी फक्त पासपोर्टवरचं नाव मानते.

कोकणातून आखातात कामाला जाणाऱ्यांसाठी एक गोष्ट स्वतंत्र सांगायला हवी. दहावी होण्याआधी पासपोर्ट काढला असेल तर त्यावर ‘ईसीआर’ असा शिक्का असतो. सौदी अरेबिया, कुवेत, कतार, ओमान, मलेशिया अशा १८ देशांत नोकरीसाठी जाताना त्या माणसाला आधी सरकारची परवानगी घ्यावी लागते. नंतर बाहेरून परीक्षा देऊन दहावी झालेले, पन्नाशी ओलांडलेले किंवा प्राप्तिकर भरणारे लोक या अटीतून सुटतात, पण तो शिक्का आपणहून पुसला जात नाही. नवा पासपोर्ट घेताना दहावीचं प्रमाणपत्र किंवा संबंधित पुरावा जोडून ही नोंद काढून घ्या. २०१८च्या जानेवारीत ‘ईसीआर’ शिक्का लागणाऱ्या लोकांना नारिंगी रंगाचा वेगळा पासपोर्ट देण्याचा विचार सरकारनं जाहीर केला होता. कमी शिकलेल्या माणसाच्या हातात वेगळ्या रंगाचं पुस्तक देणं हा अपमान होता. विरोध झाला आणि त्याच महिन्यात तो विचार सोडून दिला गेला, हे फार चांगलं झालं.

कोर्टात फौजदारी खटला चालू असेल तर तो लपवू नका. त्या कोर्टाकडून परवानगी आणावी लागते आणि पासपोर्ट बहुधा कमी मुदतीचा मिळतो, पण मिळतो.

ठरलेल्या दिवशी मूळ जुना पासपोर्ट, त्याच्या पहिल्या दोन आणि शेवटच्या दोन पानांच्या स्वतः सही केलेल्या छायाप्रती आणि पत्त्याचा पुरावा घेऊन जायचं. फोटो तिथेच काढतात. ए, बी, सी अशा तीन काउंटरांपैकी पहिल्यावर कागद स्कॅन होतात आणि बोटांचे ठसे घेतले जातात, पुढच्या दोन ठिकाणी सरकारी अधिकारी कागद तपासून मंजुरी देतात. जुना पासपोर्ट रद्द केल्याची खूण करून परत देतात. तो टाकून देऊ नका. त्यात अमेरिकेचा चालू व्हिसा असेल तर नवा आणि जुना असे दोन्ही बरोबर ठेवून प्रवास करता येतो. नव्या पासपोर्टचा क्रमांक वेगळा असतो, तेव्हा आधीच काढलेलं तिकीट, प्रवास विमा, परदेशातल्या मुलांनी भरलेले अर्ज, सगळीकडे तो कळवावा लागतो.

आता हातात येणारी पुस्तिका ई-पासपोर्ट असेल. मुखपृष्ठावर खाली सोनेरी रंगाची छोटी खूण असते आणि आत चिप असते. नागपूर आणि गोवा या कार्यालयांत ते सुरुवातीच्या टप्प्यातच द्यायला सुरुवात झाली. ती पुस्तिका छापतात आपल्या नाशिक रोडच्या इंडिया सिक्युरिटी प्रेसमध्ये. ज्यांचा साधा पासपोर्ट अजून मुदतीत आहे त्यांनी केवळ चिपसाठी घाई करायचं कारण नाही.

राहिली पोलीस पडताळणी. जुना पासपोर्ट नीट असेल तर ती कित्येकदा लागत नाही किंवा पासपोर्ट मिळाल्यावर होते. ती आपल्या अर्जाला लागणार की नाही हे पासपोर्ट कार्यालय ठरवतं. लागली तर तिच्यासाठी अर्जदारानं एक रुपयाही द्यायचा नसतो, तिचं वेगळं शुल्क नाही. तरीही ‘काहीतरी द्यावं लागतं’ असं आपण गृहीत धरतो, आणि नवा अर्जदार घरातल्या मोठ्यांकडून हेच शिकतो.

इथे थोडा इतिहास सांगते. १९६७पर्यंत पासपोर्ट देणं न देणं ही सरकारची मर्जी होती. सतवंत सिंग साहनी या व्यापाऱ्याला सरकारनं पासपोर्ट परत करायला सांगितलं, तो सर्वोच्च न्यायालयात गेला, आणि एप्रिल १९६७मध्ये न्यायालयानं सांगितलं की परदेशी जाण्याचा अधिकार हा व्यक्तिस्वातंत्र्याचा भाग आहे, तो कायद्याशिवाय काढून घेता येणार नाही. त्यानंतरच २४ जून १९६७ रोजी पासपोर्ट कायदा आला. अकरा वर्षांनी मनेका गांधी खटल्यात न्यायालयानं आणखी पुढे जाऊन सांगितलं, की पासपोर्ट काढून घेण्याची रीतसुद्धा न्याय्य आणि वाजवी असली पाहिजे. एवढं भांडून मिळालेल्या हक्कासाठी कुणाच्या हातात पाकीट ठेवायची गरज नाही. पडताळणीसाठी मागितलेले कागद द्या, सही करा, आणि पैसे मागितले तर नकार द्या. अर्जाचा फाइल क्रमांक, पोलीस ठाण्याचं नाव आणि तारीख लिहून ठेवा आणि पासपोर्ट कार्यालयाला लेखी कळवा. महाराष्ट्राच्या लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा टोल-फ्री क्रमांक १०६४ आहे.