सक्तीची भरती आणि खुषीची भरती

“तरुणांस लष्करी नोकरी सक्तीची करा, म्हणजे देशास शिस्त लागेल,” अशी सूचना शहरांतील विद्वान् मंडळी अधूनमधून करीत असतात. त्यांचे स्वतःचे चिरंजीव कोठें आहेत, हें आम्ही विचारीत नाहीं. आम्ही इतकेंच विचारतों कीं, असा कायदा झालाच, तर त्यांतलें सवलतीचें कलम कोणासाठीं लिहिलें जाईल?

ही शंका आमच्या मनची नव्हे. अमेरिकेकडे पाहा. तेथें यादवी युद्ध चालूं असतां १८६३ सालीं उत्तरेकडील सरकारनें भरतीचा कायदा केला. कायदा म्हणे सर्वांस सारखा! मात्र ज्यानें ३०० डॉलर भरले किंवा आपल्या जागीं दुसरा माणूस उभा केला, तो सुटला. एवढी रक्कम मजुरानें आणावी कोठून? दक्षिणेकडे तर वीस गुलामांच्या मळ्यामागें एक गोरा घरीं ठेवण्याची सोय होती. जुलै १८६३ मध्यें न्यूयॉर्कांत गोरे मजूर खवळले. पण त्यांनीं मारिलें कोणास? तेथल्या काळ्या लोकांस! काळ्या अनाथ मुलांचा आश्रमही जाळिला. गरिबाचा संताप वर न चढतां खालींच उतरतो, हें आम्हां खेडुतांस नवें नाहीं. पुढें १९१७ च्या कायद्यानें बदली माणूस देणें बंद झालें. तरी व्हिएतनामच्या युद्धांत कॉलेजांत नांव असलेल्यास मुदत मिळे, आणि ज्याच्यापाशीं फी नव्हती तो जाई. १९७३ सालीं तेथली सक्ती संपली.

आतां आपल्याकडे या. १९१७ सालीं हिंदुस्थानांत सक्तीचा कायदा झाला तो येथल्या युरोपियनांपुरता. आमच्यासाठीं खुषीचा मामला. १९४० च्या सप्टेंबरांत अमेरिकेनें पुन्हां सक्ती आणिली, आणि पुढच्याच महिन्यांत, १७ ऑक्टोबरास, आमच्या वर्धा जिल्ह्यांतील पवनार येथें विनोबांनीं युद्धाविरुद्ध भाषण करून वैयक्तिक सत्याग्रह आरंभिला. ते तुरुंगांत गेले. त्यांच्या धैर्याबद्दल आम्हांस आदर आहे. परंतु त्याच युद्धांत २५ लाखांवर हिंदी माणसें पलटणींत होतीं. त्यांस कोणा शिपायानें दोरी बांधून नेलें नव्हतें. कोणी शौर्याच्या हौसेनें गेला, कोणी बापजाद्यांच्या रिवाजानें. आणि कित्येकांस घरच्या रिकाम्या कणगीनें धाडिलें. ह्या शेवटच्यांचें नांवही ‘स्वयंसेवक’ याच रकान्यांत!

आणि ही खुषी तरी सर्वांस होती काय? महारांच्या पलटणी पूर्वीं नांवाजलेल्या. पण ‘लढाऊ जातीं’चें खूळ निघालें आणि १८९० नंतरच्या वर्षांत त्यांस भरतीचें दार बंद झालें. १९१७ सालीं माणसें कमी पडतांच १११ वी महार पलटण उभी राहिली. लढाई संपली, १९२१ सालीं मोडली. पुन्हां महायुद्ध पेटलें, तेव्हां १९४१ सालीं महार रेजिमेंट! गरज सरो, वैद्य मरो, ही म्हण सरकारनेंही पाठ केलेली होती.

आज आमच्या शाळेंतून बाहेर पडलेलीं कापूसवाल्या कुणब्यांचीं आणि मजुरांचीं पोरें पहाटे सडकेवर धांवतात. २०२२ च्या अग्निपथ योजनेप्रमाणें चार वर्षांची नोकरी, नंतर फार तर चौथा हिस्सा कायम. तरीही तीं धांवतात, कारण घरच्या पऱ्हाटींत पोट भरत नाहीं. ह्यांस शिस्त लावावयास कायदा नको. तीं पांच वाजतां उठतातच. ज्यांस सक्तीचा कायदा हवा, त्यांनीं त्याचा मसुदा छापावा, आणि कॉलेजवाल्यांस, कारखानदारांच्या मुलांस व परदेशीं शिकावयास गेलेल्यांस काय लागू होईल, तें पहिल्याच पानावर घालावें. मग आम्ही गांवच्या चावडीवर तो मोठ्यानें वाचून दाखवूं.