चढावरची घरे आणि त्यांचे दफ्तर

इंग्लंडमधील लिंकन शहराचा ‘स्टीप हिल’ नावाचा रस्ता सात पावलांमागे एक पाऊल उंची या प्रमाणात चढत जातो, आणि त्याचा सर्वांत बिकट टप्पा असा आहे की पादचाऱ्यांच्या आधारासाठी तेथे कठडा बसवावा लागला आहे. रोमन लोकांनी येथे आपली वसाहत स्थापिली तेव्हापासून नदीकाठची खालची वस्ती आणि टेकडीच्या माथ्यावरची वस्ती यांना जोडणारी वाट याच अंगाने गेलेली आहे. या वाटेवर बाराव्या शतकातील दोन दगडी घरे अद्याप उभी आहेत. राजवाडे आणि धर्ममंदिरे दीर्घायुषी असावीत यात नवल नाही; परंतु एखाद्या सावकाराचे वा व्यापाऱ्याचे राहते घर साडेआठशे वर्षे टिकावे आणि आजही त्यात व्यवहार चालावा, हा योग दुर्मिळच म्हटला पाहिजे.

चढाच्या पायथ्याशी असलेले ‘ज्यूज हाउस’ ११७० च्या सुमारास बांधले गेले असावे. त्याचे दार जरा थांबून पाहण्याजोगे आहे. अर्धवर्तुळाकार कमानीवर नक्षी कोरलेली आहे, आणि त्या कमानीनेच वरच्या मजल्यावरील धुराड्याचा भार आपल्या शिरावर घेतलेला आहे. तळमजला दुकानाला किंवा कोठाराला आणि बिऱ्हाड माडीवर, अशी त्या काळची व्यवस्था असल्यामुळे शेकोटी वर गेली, तिच्या धुराड्यासाठी भिंतीबाहेर आधार हवा झाला, आणि तो त्या चतुर गवंड्याने दाराकडूनच वसूल केला. आज या घरात उपाहारगृह चालते, आणि मला त्यात काही वावगे वाटत नाही. बंद ठेवून पूजलेल्या घरापेक्षा वापरातले घर सुरक्षित असते. भाडेकरू असला म्हणजे छपराची गळती निदान वेळेवर कळते.

दगडांची निगा लिंकनकरांनी एकंदरीत चांगली राखली. त्या दगडांच्या हकिकतीची निगा मात्र फार काळ कोणी राखली नाही.

वर चढावरच्या दुसऱ्या घराला कित्येक वर्षे ‘आरन द ज्यू’ याचे घर म्हणत असत. लिंकनचा आरन हा त्या काळच्या इंग्लंडातील अत्यंत धनाढ्य माणसांपैकी एक. सरदार, मठ आणि खुद्द राजा हे त्याचे ऋणको होते. ११८६ साली तो वारला तेव्हा दुसऱ्या हेन्रीने त्याची मालमत्ता सरकारजमा केली, आणि येणे असलेल्या रोख्यांचा पसारा एवढा निघाला की केवळ त्यांच्या वसुलीकरिता राजाच्या खजिन्यात एक स्वतंत्र दफ्तर उघडावे लागले. त्या घराशी आरनचा संबंध जोडण्यास आधार नाही असे ठरल्यामुळे आता त्यास ‘नॉर्मन हाउस’ म्हणतात. हा बदल रास्तच आहे. परंतु चुकीचे नाव गेले त्याबरोबर खरी हकिकतही प्रवाशाच्या दृष्टीआड जावी आणि मागे केवळ एक देखणी खिडकी उरावी, हे मला पटत नाही.

खोट्या हकिकतीने काय होते याचा दाखला ‘ज्यूज हाउस’च्या शेजारीच आहे. १२५५ साली ह्यू नावाच्या एका बालकाचे प्रेत विहिरीत सापडले. ज्यूंनी धर्मविधीसाठी त्याचा वध केला असे कुभांड रचले गेले, आणि तिसऱ्या हेन्रीच्या हुकमाने १९ ज्यू फासावर चढले. (याच शहराचा ह्यू नावाचाच बिशप पूर्वी दंगलखोरांसमोर ज्यूंच्या रक्षणार्थ उभा राहिला होता, याची आठवण फारच थोडे लोक काढतात.) १२९० मध्ये पहिल्या एडवर्डने साऱ्या ज्यूंना देशाबाहेर घालविले, तरी ती कंडी गावात राहिली ती राहिलीच. विसाव्या शतकाच्या आरंभी ‘ज्यूज कोर्ट’ या घराच्या तळघरात ‘तीच विहीर’ म्हणून एक विहीर लोकांना दाखवीत, आणि ती प्रेक्षकांच्या आकर्षणासाठी अलीकडेच खणलेली होती हे पुढे उघडकीस आले! पुढे हे घर पाडून टाकण्याचा घाट घातला गेला, तेव्हा स्थानिक इतिहासप्रेमींनी ते वाचविले, याबद्दल त्यांचे ऋण मानलेच पाहिजे. तथापि घर पाडण्याचा बेत आणि ती विहीर यांपैकी अधिक मोठा अपराध कोणता, असे मला विचाराल तर मी निःशंकपणे विहिरीकडे बोट दाखवीन. कॅथीड्रलने १९५५ साली त्या बालकाच्या समाधीच्या अवशेषांजवळ फलक लावून ती कथा असत्य असल्याचे जाहीर केले, म्हणजे घटनेस ७०० वर्षे लोटल्यावर.

चढ संपला की किल्ला लागतो, आणि तेथे १२१५ च्या मॅग्ना कार्टाच्या शिल्लक असलेल्या चार प्रतींपैकी एक ठेवलेली आहे. स्वातंत्र्याची सनद म्हणून लोक ती भक्तिभावाने पाहतात. तिचे दहावे आणि अकरावे कलम ज्यूंकडून घेतलेल्या कर्जासंबंधी आहे: ऋणको मेला तर वारस सज्ञान होईपर्यंत व्याज चढू नये, आणि तो रोखा राजाच्या हाती आलाच तर त्याने मुद्दलापलीकडे काही घेऊ नये. आरनच्या मृत्यूनंतर तीसेक वर्षांनीही सरदारांना धास्ती होती ती सावकाराइतकीच सावकाराचे रोखे बळकावणाऱ्या राजाची, हे यावरून स्पष्ट दिसते. पुढच्याच वर्षी सनद पुन्हा जारी झाली तेव्हा ही कलमे गाळली गेली. ‘नॉर्मन हाउस’च्या दाराशी प्रवाशाला जी माहिती दिली जाईल तीत आरन, त्याच्या नावाचे दफ्तर आणि ही दोन कलमे यांचा उल्लेख असावा, आणि तो वाचूनच त्याने पुढचा चढ चढावा, एवढी माझी मागणी आहे.