बारा मिनिटांचा 'बॉमगे' आणि प्रमाणपत्राची वाट

सर्वोच्च न्यायालयाने ६ सप्टेंबर २०१८ रोजी प्रौढांमधील संमतीचे समलिंगी संबंध कलम ३७७च्या कक्षेतून वगळले, तेव्हा रियाद वाडिया हयात नव्हते. नोव्हेंबर २००३मध्ये, वयाच्या अवघ्या ३६व्या वर्षी त्यांचे निधन झाले होते. या लढ्याचा इतिहास सांगताना त्यांच्या 'बॉमगे' (१९९६) या जेमतेम बारा मिनिटांच्या लघुपटाचे नाव मात्र हटकून निघते.

वाडिया हे 'वाडिया मूव्हीटोन'चे संस्थापक जे. बी. एच. वाडिया यांचे नातू. घराण्याची कीर्ती 'हंटरवाली' नादियामुळे. तिच्यावरील माहितीपटानेच १९९३मध्ये रियाद यांनी आपली ओळख निर्माण केली. मुखवटा चढवून चाबूक चालवणाऱ्या नायिकेनंतर त्यांनी, शहरात मुखवटा चढवूनच वावरावे लागणाऱ्या पुरुषांकडे कॅमेरा वळवावा, हा योगायोग नसावा. पुणे विद्यापीठात इंग्रजी शिकवणारे कवी आर. राज राव यांच्या कवितांवर त्यांनी सहा तुकड्यांचा चित्रपट रचला. त्यात सलग कथा नाही. पण ज्यांचे नाते कायद्याने गुन्हा ठरवले होते, त्यांच्या आयुष्यात तरी सलग कथा कोठून येणार? चोरून मिळालेले क्षण तुकड्यांतच दिसणार. या प्रयोगाला केवळ शैलीची हौस म्हणणे अन्यायाचे ठरेल.

हा लघुपट वाडिया यांनी सेन्सॉर मंडळाकडे नेलाच नाही. खासगी खेळ आणि महोत्सव हीच त्याची वाट ठरली. त्यांचा अंदाज चुकला, असे म्हणता येत नाही. श्रीधर रंगायन यांच्या 'गुलाबी आईना'ला २००३मध्ये मंडळाने प्रमाणपत्र नाकारले. 'फायर'ला ते मिळाले. तरी डिसेंबर १९९८मध्ये मुंबईतील चित्रपटगृहांवर शिवसैनिकांचे हल्ले झालेच.

आज गुन्ह्याचा शिक्का पुसला आहे. मुंबईत २०१०पासून 'कशिश' महोत्सव भरतो. पण महोत्सवाला सवलत असते. तिकीट लावून चित्रपटगृहात खेळ करायचा तर प्रमाणपत्र हवेच. ते नाकारले गेल्यास पूर्वी अपिलीय न्यायाधिकरणाकडे दाद मागता येत असे. एप्रिल २०२१मध्ये ते मोडीत निघाले. आता थेट उच्च न्यायालय गाठायचे. मोठ्या निर्मात्याला वकिलांची फौज परवडते. पदरमोड करून बारा मिनिटांचा प्रयोग करणाऱ्याने काय करावे? ओटीटीला पूर्वपरवानगी लागत नाही, हे खरे. परंतु प्रेक्षकसंख्येच्या हिशेबात असे लघुपट सहसा बसत नाहीत.

'बॉमगे'ला भारतातील पहिला समलिंगी चित्रपट म्हटले जाते, तेही पुरते खरे नाही. कमलेश्वर यांच्या कादंबरीवरील प्रेम कपूर यांचा 'बदनाम बस्ती' १९७१चा. तो इतका विस्मरणात गेला होता, की त्याची प्रत २०१९मध्ये सापडली ती थेट बर्लिनमधील एका संग्रहात.