विश्लेषण : ज्येष्ठाचा पगार कमी, कनिष्ठाचा जास्त! अशा वेळी कायदा काय सांगतो?

एकाच कार्यालयात, एकाच पदावर काम करणारे दोन सरकारी कर्मचारी. ज्येष्ठता यादीत एक वर, दुसरा खाली. पगारपत्रकात मात्र उलटे चित्र : ज्येष्ठाचे मूळ वेतन २९,६०० रुपये, तर कनिष्ठाचे ३०,५००. हे आकडे केवळ उदाहरणादाखल आहेत, पण तक्रार नेहमीची आहे. छत्रपती संभाजीनगरमध्ये महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण (मॅट) आणि मुंबई उच्च न्यायालय या दोघांचीही खंडपीठे असल्याने मराठवाड्यातील कर्मचारी अशा तक्रारी घेऊन याच शहरात येतात. ‘कनिष्ठाला जास्त मिळते’ एवढे सिद्ध केले की आपलाही पगार वाढेल, असा अनेकांचा समज असतो. प्रत्यक्षात निकाल ठरतो तो ‘का जास्त मिळते?’ या प्रश्नाच्या उत्तरावर.

९०० रुपयांनी असा काय फरक पडतो?

महागाई भत्ता आणि घरभाडे भत्ता मूळ वेतनाच्या टक्केवारीत मिळतो. वार्षिक वेतनवाढही साधारण तीन टक्के असते. त्यामुळे सुरुवातीची तफावत दरवर्षी वाढत जाते. जुन्या निवृत्तिवेतन योजनेत पेन्शन शेवटच्या वेतनाच्या निम्मी असते. राज्यात १ नोव्हेंबर २००५ पासून रुजू झालेल्यांना लागू केलेल्या अंशदान योजनेतही कपात मूळ वेतन आणि महागाई भत्त्यावरच होते. म्हणजे ही तफावत निवृत्तीनंतरही पाठ सोडत नाही.

तफावत निर्माण कशी होते?

मुख्य कारण म्हणजे नवा वेतन आयोग. राज्यात सातव्या आयोगाचे सुधारित वेतन नियम २०१९ मध्ये आले आणि १ जानेवारी २०१६ पासून लागू झाले. या तारखेआधी बढती मिळालेल्याचे वेतन जुन्या सूत्राने ठरले, नंतर बढती मिळालेल्याचे नव्या सूत्राने. काही प्रकरणांत त्यामुळे मागून आलेला पुढे जातो. दुसरे कारण १०, २० आणि ३० वर्षांच्या सेवेनंतर लाभ देणारी सुधारित सेवांतर्गत आश्वासित प्रगती योजना. तिसरे कारण विकल्पाचे. बढतीनंतरची वेतननिश्चिती बढतीच्या दिवसापासून करायची की पुढील वेतनवाढीच्या तारखेपासून, हे कर्मचाऱ्याने कळवायचे असते. घाईत भरलेला एक अर्ज पुढे अनेक वर्षे महागात पडू शकतो.

वेतन वाढवून कधी मिळते?

ज्येष्ठाचे वेतन कनिष्ठाच्या बरोबरीला आणण्याला कार्यालयीन भाषेत ‘स्टेपिंग अप’ म्हणतात. त्यासाठी साधारण चार अटी पाहिल्या जातात. दोघे एकाच संवर्गातील असावेत. जुने आणि बढतीचे पद, तसेच वेतनश्रेणी समान असावी. बढतीपूर्वी ज्येष्ठाचे वेतन कनिष्ठाइतके किंवा जास्त असावे. आणि सर्वांत महत्त्वाचे म्हणजे, तफावत थेट वेतननिश्चितीच्या नियमामुळेच आलेली असावी.

२००९ मध्ये गुरुचरण सिंग ग्रेवाल विरुद्ध पंजाब राज्य वीज मंडळ या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ज्येष्ठाला कनिष्ठापेक्षा कमी वेतन देता येत नाही, हे तत्त्व मान्य केले. कर्मचारी याच निकालाचा आधार सर्रास घेतात.

आणि कधी मिळत नाही?

सरकारी पक्ष बहुधा १९९७ चा आर. स्वामिनाथन निकाल पुढे करतो. दूरसंचार विभागातील काही कनिष्ठांना स्थानिक गरजेपोटी वरच्या पदावर तात्पुरते काम मिळाले होते. त्या काळातील वेतनवाढींमुळे नियमित बढतीनंतर त्यांचे वेतन ज्येष्ठांपेक्षा जास्त ठरले. ही नियमातील विसंगती नाही, असे म्हणत न्यायालयाने ज्येष्ठांची मागणी फेटाळली.

कनिष्ठाची वेतननिश्चितीच चुकलेली असेल, तर त्या चुकीचा लाभ ज्येष्ठालाही द्या, असे म्हणता येत नाही. उलट चौकशीत कनिष्ठाचाच पगार कमी होऊ शकतो. मात्र जादा दिलेली रक्कम गट क आणि गट ड च्या कर्मचाऱ्यांकडून किंवा निवृत्तांकडून सहसा वसूल करता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ च्या रफिक मसीह प्रकरणात स्पष्ट केले आहे.

दाद कुठे मागायची?

आधी कार्यालयप्रमुखांकडे लेखी निवेदन द्यावे लागते. त्यात आपल्या आणि कनिष्ठाच्या वेतनाचा, तारखांसह, तुलनात्मक तक्ता असावा. माहितीच्या अधिकाराच्या कायद्याच्या कलम ४ नुसार कार्यालयांनी कर्मचाऱ्यांचे मासिक वेतन स्वतःहून जाहीर करायचे असते, त्याचा इथे उपयोग होतो. निवेदन फेटाळले गेल्यास राज्य शासनाच्या कर्मचाऱ्याने आधी मॅटमध्ये जायचे, त्यानंतर उच्च न्यायालयात. जिल्हा परिषदेचे कर्मचारी आणि शिक्षक मॅटच्या कक्षेत येत नाहीत. त्यांना थेट उच्च न्यायालयात याचिका करावी लागते.

उशीर झाला तर?

चुकीचे वेतन दर महिन्याला नव्याने होणारा अन्याय मानले जाते. त्यामुळे दावा केवळ उशिरामुळे बाद होत नाही. थकबाकी मात्र सहसा दाव्याआधीच्या तीन वर्षांपुरतीच मिळते, असे २००८ च्या तरसेम सिंग निकालात म्हटले आहे. दहा वर्षे गप्प बसलेल्याचे वेतन पुढे सुधारू शकते, पण आधीच्या सात वर्षांच्या थकबाकीवर पाणी सोडावे लागते.

आता हा विषय का महत्त्वाचा?

केंद्राने जानेवारी २०२५ मध्ये आठव्या वेतन आयोगाला मंजुरी दिली. राज्यातही पुढे नवी वेतनरचना आली, तर जुन्या आणि नव्या सूत्राच्या सांध्यावर पुन्हा अशीच प्रकरणे उभी राहतील. विकल्प देण्याची मुदत ठरावीक असते. विकल्प देण्याआधी दोन्ही तारखांचा हिशेब कागदावर मांडला आणि सेवापुस्तकातील नोंद तपासून घेतली, तर कोर्टाची पायरी चढण्याची वेळ अनेकदा टळू शकते.